रानतुळशीची काडी
सर गेल्यावर घरच्यांनी त्यांची कवितांची वही मला दिली. उघडली तर वाळलेल्या रानतुळशीचा वास आला. सर बालाघाटाच्या डोंगरावर, तिथल्या आमच्या माणसांवर लिहायचे. गुडघे थकल्यावर त्यांचं चढणं सुटलं. मग मी वरून पाला आणायचो आणि तो हुंगून ते ओळ लिहायचे. एकदा उन्हानं दमून मी येरमाळ्याजवळ हायवेच्या कडेचीच रानतुळस तोडून नेली. "वर वारं लई होतं का?" सरांनी विचारलं. मी म्हणालो, "व्हय सर." "मग हिला डिझेलचा वास कुठनं लागला रं?" ते हसले, वही मिटली आणि मला पाणी दिलं. लाजेनं मी पुन्हा तिकडं फिरकलो नाही. त्या दिवशी ते लिहीत होते ती कविता वहीत तिथंच अर्धी राहिली आहे. ती हायवेकडची काडी मात्र त्यांनी त्याच पानात ठेवली होती.