तात्यांची बाग आणि बाभळीवरचे कावळे

तात्या गेले. दहाव्या दिवशी कावळा पिंडाला शिवला नाही.

येडगावला, कुकडीच्या काठी, बाकी सगळं रीतसर पार पडलं होतं. प्रवचन झालं, श्रद्धांजलीची भाषणं झाली (एका वक्त्याने सवयीने तात्यांना दीर्घायुष्य चिंतलं). समोरच्या बाभळीवर कावळे येऊन बसले आणि बसूनच राहिले.

"जीव कशात तरी आडाकलाय," नाना, माझे चुलते, म्हणाले. "लेकानं शब्द द्यावा."

कशात, ते सगळ्यांना ठाऊक होतं. घरामागची डाळिंबाची बाग! मी हात जोडले. मी पुण्यात वनस्पतिशास्त्र शिकवतो. विषय माझाच होता.

"तात्या, बागेचं बहार-व्यवस्थापन मी शास्त्रोक्त पद्धतीने करीन."

कावळ्यांनी माना वळवल्या.

"आरं, कावळ्याला कळंल आसं बोल की!" नाना म्हणाले.

"बाग मी सांभाळीन, तात्या."

दोन कावळे उडून पलीकडच्या काठाला गेले.

माझी थोरली बहीण, अक्का, हळूच म्हणाली, "नाना, गेल्या साली ह्यानं ताणावरच्या झाडांना पाणी सोडलं व्हतं."

खुलासा करणं भाग आहे. भरपूर फुलं यावीत म्हणून डाळिंबाचं पाणी काही आठवडे तोडतात. त्याला ताण म्हणतात. हे मी वर्गात शिकवतो. पण सुट्टीत घरी गेलो तेव्हा ती पिवळी पानं मला बघवेनात. तात्या बाजाराला गेल्यावर मी मोटर चालू केली. झाडांनी नुसता पाला फोडला. फूल म्हणून आलं नाही. तात्या मला एका शब्दाने बोलले नाहीत. फक्त जेवताना पाण्याचा तांब्या माझ्यापासून लांब ठेवू लागले.

"बरं, छाटणी करीन," मी म्हणालो. आणखी एक कावळा गेला. "निदान तण तरी काढीन!" आता एकच उरला होता, आणि तोही पंख झाडू लागला.

"आवरा राव!" मागून एक पाहुणे ओरडले. "आमची टोमॅटोची गाडी मार्केटला उभी हाय!"

माझ्या डोळ्यांना धार लागली. वडील माझ्यापायी उपाशी जाणार होते.

अक्का पुढे झाली. "तात्या, बाग मी बघंन. आन् ह्याला बांधाच्या आत पाऊल टाकू द्यायची न्हाई."

तिचं वाक्य पुरं व्हायच्या आत कावळा पिंडावर होता!

"सुटला म्हातारा," नाना म्हणाले आणि सगळ्यांनी हात जोडले.

बाग आता अक्का बघते. यंदा फळ चांगलं धरलंय. सुट्टीत मी बांधाबाहेर खुर्ची टाकून बसतो आणि डाळिंबाच्या लागवडीवरच्या व्याख्यानाची तयारी करतो.