बंद पडलेल्या आवाजांचं रान

आक्काचं गुपित मी बोलून टाकलं आणि त्याची शिक्षा तिला भोगू दिली. हे आधीच सांगून टाकतो. पुढं जे रान येणार आहे त्यात शिरलो की मी रमतो आणि नेमकं हेच सांगायचं राहतं.

आक्का माझी थोरली बहीण. वडील बिद्रीला साखर कारखान्यात होते, तिथंच आम्ही वाढलो. मी सातवीत असताना ते गेले आणि आई आम्हा दोघांना घेऊन कोल्हापुरात शुक्रवार पेठेत दोन खोल्यांत आली. नव्वदीची सुरुवात असेल. संध्याकाळी लाइट गेली की आक्का हळूच म्हणायची, "चल, रानात जाऊ." आम्ही गॅलरीत भिंतीला टेकून बसायचो आणि डोळे मिटायचो.

त्या रानातली झाडं आवाजांची होती. नियम एकच. जो आवाज बंद पडला, तोच तिथं उगवायचा. अजून ऐकू येणाऱ्याला जागा नव्हती. तिथं ऊन नव्हतं, चंद्र नव्हता. उजेड आवाजांतूनच झिरपायचा, पिवळसर, आणि पाऊल टाकलं की जमीन कुणीतरी कुजबुजावं तशी दबायची.

बोळातला चटणी कुटायचा डंक बंद होऊन तिथं चक्की आली, तेव्हा आक्कानं रानात डंक लावला. त्याचा बुंधा जाडजूड, धप्प धप्प करत मातीतून वर चढणारा. त्याच्याखालून जाताना मला खरोखर शिंका यायच्या.

"हळू शिंक, पाखरं उडतील," आक्का म्हणायची.

पाखरं म्हणजे शेजारच्या काकूंच्या हाका. काकू मुलाकडं पुण्याला गेल्या, हाका आमच्याकडं राहिल्या. त्यांच्याही पलीकडं बिद्रीचा भोंगा उभा होता, एकही फांदी नसलेला, शेंडा धुक्यात गेलेला. जवळ गेलं की मळीचा वास यायचा. भोंगा तर तिकडं अजून वाजत असेल, मग तो इथं कसा, असं मी एकदा विचारलं. "आपल्यापुरता बंद झालाय की," आक्का म्हणाली, आणि आम्ही पुढं गेलो.

सगळ्यात आत वडिलांचं झाड होतं. तिथं ती मला क्वचित न्यायची. वडील दारात आले की आधी खाकरायचे, मग डबा कट्ट्यावर ठेवायचे, मग विचारायचे, "दमला काय रं गडी?" त्यांचा आवाज मला आठवेनासा झाला होता. आक्का त्यांची नक्कल करत नसे. ती ते शब्द नुसते पुटपुटायची, आणि त्या पुटपुटण्याभोवती थोड्या वेळानं त्यांचा खरा आवाज जमत जायचा, दुधाला विरजण लागावं तसा. मग ती त्यांना दिवसभरातलं काहीबाही सांगायची. बस चुकली, आईचा गुडघा दुखतोय, भाजीत मीठ जास्त पडलं. मी शेजारी बसून ऐकायचो.

मी कॉलेजात असताना आक्काला बघायला पावणं आले. पोहे झाले, आक्का आणि मुलगा आतल्या खोलीत चार शब्द बोलले, सगळ्यांना स्थळ आवडल्यासारखं दिसलं. आईनं मला त्यांना कोपऱ्यापर्यंत सोडायला पाठवलं. मुलाच्या मामांनी माझ्या खांद्यावर हात टाकला.

"काय पावणं, आक्काला नाद कशाचा हाय? टीव्हीचा?"

मोठ्या माणसानं पावणं म्हटल्यावर मी फुगलो. "टीव्ही कसला, ती अंधारात वडिलांशी बोलत बसते की," मी म्हणालो. हसतील असं वाटलं होतं.

"म्हंजे? ते तर वारलेत न्हवं?"

"व्हय."

तेव्हाच सगळं रान उलगडून सांगायला हवं होतं. पण ते भर रस्त्यात, उन्हात सांगता येईना. तेवढ्यात त्यांची जीप आली.

दोन दिवसांत मध्यस्थाकडून निरोप आला. पोरगी चांगली हाय, पण एकदा वाडीला नेऊन आणा. आमच्याकडं कुणाला बाहेरचं लागलं असं वाटलं की नृसिंहवाडीला नेतात. आईनं आक्काला समोर बसवलं.

"आत त्या मुलापाशी काय बोललीस तू?"

"काय न्हाय गं."

"मग त्यांना काय सपान पडलं?"

आक्कानं माझ्याकडं पाहिलं. मी चपलेचा पट्टा लावत बसलो, तो आधीच लावलेला होता. मग ती आईला म्हणाली, "व्हय, मीच बोलले."

दर गुरुवारी आई तिला वाडीला न्यायची. मीही जायचो. ती ओल्या अंगानं प्रदक्षिणा घालायची आणि मी घाटावर तिच्या चपला सांभाळत बसायचो. एकदा डोळे मिटून रान शोधून पाहिलं. सगळीकडं नुसतं नदीचं पाणी वाजत होतं. त्यानंतर घरी लाइट गेली की आक्का उठून मेणबत्ती लावायची.

ते स्थळ गेलंच; उशिरा दुसरीकडं तिचं लग्न झालं. ती गारगोटीला शाळेत शिकवू लागली आणि पुढं आईही तिच्याकडंच राहायला गेली. मी सणावारी जायचो, जेवायचो, परत यायचो. माझे केस पिकायला लागले तरी तोंड उघडलं नाही. एका दुपारी आक्का परसात पावट्याच्या शेंगा सोलत होती आणि आई शेजारणीला माझ्यादेखत सांगत होती, "हिला लग्नाआधी बाधा झालती. वाडीनं बरं केलं."

आक्का खाली मान घालून सोलत राहिली. इतकी वर्षं ती हे ऐकत आली असणार. शेजारीण जाईपर्यंत मी थांबलो.

"आई, हिला काय झालं नव्हतं," मी म्हणालो. "पावण्यांना मी सांगितलं होतं, गंमत म्हणून. तू हिला बोललीस तेव्हा मी गप्प बसलो, आणि हिनं माझं स्वतःवर घेतलं."

आई दोघांकडं आळीपाळीनं बघत राहिली. आक्काची बोटं शेंगेवर थांबली.

"आत्ता कशाला रं?"

"आईला कळायला पायजे म्हणून. तुझं रान मी मोडलं, आक्का. चुकलं माझं. मला माफ कर."