न खुडलेली सुरंगी

पावसजवळच्या आमच्या वाडीत लवूदादाएवढा बडबड्या माणूस दुसरा नाही. त्यामुळे जनीवहिनी गेली तेव्हा हा ढसाढसा रडेल, असंच आम्ही धरून चाललो होतो. पण कार्य उरकलं, पाहुणे परतले, तरी याच्या डोळ्यांत टिपूस नाही. वाढलं की जेवायचा, हाक मारली की वळायचा. मला तर रागच यायचा. शेजारधर्म म्हणून चार शिव्या घातल्या, त्याही मुकाट्यानं ऐकून घेतल्या.

मुलगी सानिका जयगडला बंदरात नोकरीला. तिनं त्याला रत्नागिरीला डॉक्टरकडे नेलं. डॉक्टर म्हणाले, "रोज सकाळी झाडांत बसा. झाडं हवेत काही द्रव्यं सोडतात, ती वासावाटे मनाला लागतात. बरं वाटेल."

"जल्म झाडांखालीच गेला माझा," लवूदादा मला म्हणाला. पण पोरीचा शब्द मोडवेना, म्हणून बसायला लागला. कलमांच्या मोहोरात बसला, सुरूच्या बनात बसला.

"काय वाटतं?" मी विचारायचो.

"काय नाय रे. वास नाकाला कळतो. आत काय जात नाय."

फाल्गुनात त्याच्या परसातल्या सुरंगीला कळे धरले. हे कळे उन्हं यायच्या आत, मिटलेले असतानाच खुडायचे, अशी आमच्याकडची रीत. फुललेलं फूल गजऱ्याच्या कामाचं नाही. दरवर्षी लवूदादा फांदीवर आणि खाली जुनं लुगडं पसरून जनीवहिनी. मग ती गजरे ओवून रत्नागिरीच्या बाजारात न्यायची.

यंदा हा झाडावर चढलाच नाही.

"अरे, कळे फुकट चाललेत!" मी मधल्या दगडी गडग्यावरून ओरडलो.

"जांव दे."

दोन दिवसांनी सकाळी झाड फांदीन्‌फांदी फुललेलं. मधमाश्यांचा नुसता गोंगाट, आणि वास थेट माझ्या पडवीपर्यंत. मी गडगा ओलांडून गेलो तर लवूदादा झाडाखाली बसून पोरासारखा रडत होता. खरं सांगतो, मला हायसं वाटलं.

"हे झाड आमच्या दारात कधी फुललंच नाय रे," तो म्हणाला. "तिनं फुलूच दिलं नाय. सगळा वास बाजारात जायचा."

"म्हणजे डॉक्टर बोलले ते खरं झालं की! आता बरं वाटतंय?"

"नाय," तो म्हणाला. "जनी गेली, ते आज कळलं."