भोंग्याची चार घरं

माझ्या आत्याचा हात जड होता. ज्यांनी त्याचा मार खाल्लाय त्यांना विचारा. त्यात पहिला नंबर तिच्या नवऱ्याचा. तो जॅझ बँडचा मालक, सगळे त्याला मास्तर म्हणायचे. मास्तर तिला मारायचा, ती परत मारायची, आणि संध्याकाळी दोघं सुजलेल्या तोंडांनी एकाच हॉलवर कामाला जायची. तो बँडपुढे काठी हलवायला, ती वादकांसाठी नोटेशन उतरवायला.

त्याच हातानं ती फार देखणं नोटेशन काढायची. पाच आडव्या रेघा, उभ्या रेघांनी पाडलेली घरं, घरांत बसवलेले सूर. जिथे एखाद्यानं मनाचं वाजवायचं असेल तिथे घरं रिकामी सोडायची आणि वर त्या माणसाचं टोपणनाव घालायची. वाद्याचं नाव का घालत नाहीस, असं कुणी विचारलं तर म्हणायची, "वाद्य काय आपलं आपण वाजतं?"

माझे बाबा तिचे धाकटे भाऊ. ते ट्रम्पेट वाजवायचे, म्हणून सगळ्यांसाठी भोंग्या. ज्या धुनेनं तो हॉल भरायचा ती बाबांची, भांडी घासताना शिट्टीवर जमवलेली. शेवटची चार घरं मात्र ते रोज वेगळी वाजवायचे, आणि लोक त्या चार घरांसाठीच परत यायचे.

एका प्रकाशकाला ती धून छापायची होती. या धंद्यात कागदावर ज्याचं नाव, धून त्याची. बाकीच्यांनी आयुष्यभर शिट्ट्या वाजवत बसावं. प्रकाशकाचा माणूस हॉलमध्ये येऊन बसला आणि मागच्या खोलीत बाबा तुकड्यातुकड्यानं वाजवू लागले. आत्या लिहीत होती. मास्तर दाराला टेकून उभा होता, आयत्या बिळावरचा नागोबा.

शेवटच्या चार घरांशी बाबा थांबले. "आधी वर माझं नाव घाल, ताई. मग शेवट सांगतो."

"बँड माझा आहे," मास्तर म्हणाला. "नाव माझं."

"बँड तुझाच राहू दे. धून माझी आहे."

मास्तरनं बाबांच्या हातातला ट्रम्पेट ओढून घेतला आणि फुंकायचं टोक त्यांच्या तोंडावर हाणलं. एकदा, आणि बाबा खाली पडल्यावर पुन्हा. वरचा ओठ नाकापर्यंत फाटला. पुढचे दात फरशीवर आले. ट्रम्पेट वाजवणाऱ्याचे दात घशात घातले की दुसरं काही करावं लागत नाही, हे मास्तरला चांगलं ठाऊक होतं.

आत्यानं पियानोसमोरचं स्टूल उचललं आणि मास्तरच्या उजव्या खांद्यावर घातलं. हाड मोडल्याचा आवाज बाहेरच्या माणसालाही ऐकू गेला. त्यानं हाक मारली, "झालं का? मला निघायचंय."

मास्तर भिंतीला धरून उभा राहिला. "शेवट लिही," तो कण्हत म्हणाला.

"शेवट त्याच्या दातांत होता. ते बघ पडलेत, उचल."

तिनं चार घरं रिकामी ठेवली, सवयीनं वर 'भोंग्या' लिहिलं आणि भावाला उचलायला वाकली. तेवढ्यात मास्तरनं डाव्या हातानं कागदावर आपलं नाव खरडलं आणि तो बाहेर नेऊन दिला. छापणाऱ्याला भोंग्या कोण ते काय माहीत? संगीतातलाच एखादा शब्द असेल म्हणून त्यानं जसाच्या तसा छापला.

आत्या तेव्हापासून आमच्याकडेच राहिली. बाबा गोदामात खोकी उचलू लागले. ट्रम्पेट त्यांनी भिंतीवर आपटून चपटा केला, आणि चिडले की त्याच भिंतीवर डोकं आपटायचे. मी आणि आई मध्ये उशी धरायचो.

नवी आवृत्ती निघणार होती तेव्हा मास्तर एकदा दारात आला. शेवट द्या, खाली बारीक अक्षरात भोंग्याचं खरं नाव घालतो, म्हणाला. आत्यानं त्याच्या बोटांवर दार लावलं.

"कोण होतं गं?" बाबांनी आतून विचारलं.

"कोणी नाही. घर चुकला होता."

तिनं बाबांना विचारायला हवं होतं. याबद्दल मी तिच्यावर अजून चिडते. बाबा कदाचित हो म्हणाले असते.

मास्तर मेला. धून मात्र गावोगाव गेली. वादकांत त्या रिकाम्या चार घरांनाच भोंग्या म्हणायची पद्धत पडली. नवीन पोरं एकमेकांना विचारायची, "आज भोंग्या कोण घेणार?" आम्हाला यातलं काहीच माहीत नव्हतं.

बाबांच्या म्हातारपणी मी त्यांना आणि आत्याला एका नव्या बँडच्या कार्यक्रमाला नेलं. ती धून सुरू झाली तसे बाबांनी माझ्या मनगटात नखं रुतवली. मग चार घरांच्या तोंडाशी बँडचा म्होरक्या मोठ्यानं म्हणाला, "भोंग्या!"

बाबा उभे राहिले.

स्टेजवर एक मुलगी ट्रम्पेट वाजवत होती. बाबांचा हात तोंडाशी गेला होता, तीन बोटं हलत होती. मागचा माणूस म्हणाला, "बसा हो काका, दिसत नाहीये." आत्यानं न बघता मागे हात फिरवला. त्याचा चष्मा तीन रांगा पलीकडे जाऊन पडला.

चार घरं संपेपर्यंत बाबा उभेच होते. मग बसले.

"त्यानं कुणाचं नाव घेतलं गं, ताई?"

"तुझं," आत्या म्हणाली. मी तिला रडताना तेवढं एकदाच पाहिलं.