आईचा उजवा हात

लेकीने माझ्या गेलेल्या आईचा फोटो माणसाएवढा करून पुठ्ठ्यावर चिकटवला, एक हात कापून दोऱ्याने जोडला आणि पुढ्यात मला बसवलं. "आई, हलू नकोस गं, पापणीसुद्धा!" फोटो काढायचा, पुठ्ठ्याचा हात बोटभर सरकवायचा, पुन्हा फोटो. दिवसभराचे फोटो तिने भराभर चालवून दाखवले, तर आई माझे केस विंचरत होती.

पण उजव्या हाताने. आई डावखुरी होती. हात कापतानाच सांगायला हवं होतं. पण लेकीचा उत्साह मोडवेना.

"आजी अशीच विंचरायची ना?" तिने विचारलं.

"हो गं."

माणूस गेलं की त्याचं हलणंचालणं फक्त आपल्यापाशी उरतं. आईचा डावा हात मी इतकी वर्षं जपला होता. आता डोळे मिटले की उजवाच दिसतो.