मेघना आणि दाबलेली स्प्रिंग

मेघनाच्या भावाचा अमरावतीहून फोन आला तेव्हा मी सदाशिव पेठेत दातांच्या डॉक्टरांकडे नंबर लागायची वाट बघत बसले होते. "अनुताई, ताई गेली," एवढंच तो बोलला. आईला भेटायला म्हणून गेलेली माझी मैत्रीण सकाळचा चहा घेता घेता गेली. हृदयविकार... आता काही आठवडे झाले, तरी अजून तिचा नंबर फोनमधून काढलेला नाही. याच पेठेत, इंजिनिअरिंगला असताना, आम्ही दोघी एका खोलीत राहिलो. पुढे खराडीच्या पलीकडे ट्रकदुरुस्तीचं वर्कशॉप काढलं. ऑफिस मी बघायचे, इंजिनं ती.

तिची आठवण काढली की मला एक दुपार आठवते. घाटातून माल घेऊन खाली जाणारा एक ट्रक आला होता. उतारावर इंजिनानेच गाडी धरून ठेवायची, म्हणजे चाकांचे ब्रेक तापत नाहीत. तो इंजिन ब्रेकच नीट धरत नव्हता. ड्रायव्हर येरझाऱ्या घालत होता. "मॅडम, अजून किती वेळ?" मेघना मान वर न करता म्हणाली, "ब्रेकशिवाय चालणार असेल तर आत्ता न्या."

ब्रेकचा भाग इंजिनावरून काढून टेबलावर आणला होता. त्यात पिस्टनवर एक जाड स्प्रिंग दाबून बसवलेली असते. ती आधी हत्याराने दाबून धरायची, मग अडकवलेली रिंग काढायची आणि मग हत्याराचा स्क्रू हळूहळू सैल करायचा. रिंग निघाली, आणि तेवढ्यात त्या हत्याराचे आटे गेले. स्क्रू नुसताच फिरायला लागला. मेघनाने तळहात वरून दाबला आणि अंगाचा सगळा भार टाकला. समोर अन्वर, आमचा मेकॅनिक, दोन्ही हातांनी तो भाग धरून वाकलेला. त्याने हात सोडला असता तर सगळंच घसरलं असतं, आणि स्प्रिंग उडाली असती ती थेट त्याच्या तोंडावर. डोळ्यांवर गॉगल होता, पण तेवढ्या जोरापुढे गॉगलचं काय...

"अन्वर, हात सोडू नकोस. फक्त मान वळव," ती म्हणाली. आवाज नेहमीचाच. मग मला, "अनू, भिंतीवरचा मोठा क्लॅम्प आण. पळू नकोस."

मी आणला. क्लॅम्पचा जबडा बसवायचा तर तिचा हात मध्ये येत होता.

"तुझी बोटं अडकतील."

"अडकू देत. आवळ."

मी आवळत गेले. तिच्या कपाळावरून घाम ओघळत होता, अन्वर डोळे मिटून काहीतरी पुटपुटत होता. "अजून," ती म्हणाली. मी अजून आवळला. शेवटी तिने करंगळी कशीबशी ओढून काढली, आणि क्लॅम्पने भार घेतला. मग तिनेच, घाई न करता, तो सैल केला. स्प्रिंग पूर्ण मोकळी होऊन टेबलावर आडवी पडली.

मेघना जवळच्या टायरवर बसली. करंगळी काळीनिळी झाली होती. "चहा सांग," ती मला म्हणाली. "आणि ते हत्यार भंगारात टाकायच्या आधी कापून दोन तुकडे कर. नाहीतर कोणीतरी उचलून परत वापरेल."

संध्याकाळी नवं हत्यार आणून काम पुरं झालं. ट्रक घाट व्यवस्थित उतरल्याचा ड्रायव्हरचा फोन आला, तेव्हा कुठे तिने करंगळी डॉक्टरांना दाखवली. मोडली होती.

त्यानंतर तिने सगळ्यांना एक सवय लावली. दाबलेली स्प्रिंग सोडण्याआधी मोठ्याने विचारायचं, "समोर कोणी?" आणि उत्तर आल्याशिवाय स्क्रूला हात लावायचा नाही. परवा, ती गेल्यानंतर पहिल्यांदाच, असं काम आलं. अन्वरने विचारलं, "समोर कोणी?" मी बाजूला उभी होते. उत्तर देणं भाग होतं.

"कोणी नाही," मी म्हणाले... अन्वरने स्क्रू फिरवला, पण जरा वेळाने.