सदूभाऊंची निळी बोटं

सदूभाऊंची बोटं निळी दिसली आणि मी मटकन खुर्चीत बसलो.

मी कॅमेऱ्याशिवाय सिनेमा करतो. कोऱ्या फिल्मवर निळ्या शाईचे ठिपके काढायचे, की ते पडद्यावर नाचतात. या चार मिनिटांच्या फिल्मला तीन महिने लागले. मान तेव्हापासून वाकडीच आहे. फिल्मच्या डब्यावर मीच ठळक अक्षरांत लिहिलं होतं, ‘डाग पडू देऊ नये.’ प्रोजेक्टर चालवणाऱ्या सदूभाऊंनी ते फारच मनावर घेतलं.

“लय घाण होती, साहेब,” ते म्हणाले. “सकाळपासून स्पिरिटनं पुसतोय. आता बघा, काचेवानी झालीय.”

रागवायचंही त्राण उरलं नव्हतं. शिवाय माझी फिल्म इतक्या मायेनं आजवर कुणी हाताळली नव्हती. चित्र कुठलं नि डाग कुठला, हे शेवटी ज्याच्या हातात फडकं असतं तोच ठरवत असावा.

“छान केलंत,” मी म्हणालो.

खेळ सुरू झाला. पडद्यावर नुसता पांढरा उजेड. दहा-बारा प्रेक्षक गंभीरपणे तो बघत होते. तेवढ्यात एक माशी पडद्यावर येऊन बसली. जरा चालली, थबकली, पुन्हा चालली. सगळे तिच्याकडे बघू लागले, मीही. असा ठिपका मला तीन महिन्यांत एकदाही जमला नव्हता.